दासीने टाकलेला घडा

‘ज्यू धर्मात जीव वाचवण्यासाठी शब्बाथचा, म्हणजे आठवड्याच्या पवित्र विश्रांतीदिवसाचा, नियमसुद्धा मोडता येतो, मग मरणाऱ्याला जाऊ देणं तिथे मान्य असणारच नाही,’ असा निष्कर्ष काढला जातो, तो मला पटत नाही. पहिला भाग खरा आहे. पण ताल्मुद या ज्यूंच्या प्राचीन धर्मग्रंथातच रब्बी (धर्मगुरू) यहूदा हनासींच्या दासीची गोष्ट आहे. रब्बी मरणपंथाला लागलेले, आणि शिष्यांची प्रार्थना अखंड चालू असल्यामुळे त्यांना मरण येत नव्हतं. आधी त्या दासीनेही ते जगावेत म्हणून प्रार्थना केली होती. मग त्यांचे हाल पाहून तिने गच्चीवरून घडा खाली टाकला. आवाजाने प्रार्थना क्षणभर थांबली आणि रब्बी गेले. ताल्मुद तिला दोष देत नाही. मला ही गोष्ट फार मोठी वाटते, कारण इथे न्याय एका दासीच्या डोळ्यांनी होतो.

सोळाव्या शतकात पोलंडमधल्या क्राकोचे रब्बी आणि धर्मशास्त्री मोशे इस्सरलेस यांनी लिहिलं, की बाहेरच्या लाकूडतोडीच्या आवाजामुळे प्राण अडकला असेल तर तो आवाज थांबवावा. मृत्यू ओढून आणायचा नाही, अडथळा मात्र काढता येतो.

इस्रायलच्या मरणासन्न रुग्णांविषयीच्या २००५च्या कायद्यात हाच धागा आहे. सतत चालणारा उपचार मध्येच तोडता येत नाही, पण टप्प्याटप्प्याने होणारा उपचार पुन्हा सुरू न करण्याची मुभा आहे. म्हणून व्हेंटिलेटरला (कृत्रिम श्वास देणाऱ्या यंत्राला) टायमर लावण्याची कल्पना पुढे आली: ठरलेल्या वेळेनंतर यंत्र आपोआप थांबतं, आणि ते पुन्हा सुरू न करण्याची मुभा राहते. काहींना ही पळवाट वाटते. मला नाही वाटत. ज्याच्या हाताने ते बटण बंद व्हायचं, त्या माणसाचाही विचार यात केलेला आहे.