प्रश्न वेगाचा नाहीच

कुणीतरी म्हटलंय की संगणक पुरेसे वेगवान झाले की 'हा प्रोग्राम कधीतरी थांबेल की कायम फिरत राहील' हेही सांगता येईल. इथे गफलत होतेय. प्रत्येक प्रोग्रामबद्दल हे सांगणारी रीत असूच शकत नाही, हे गणितज्ञ ॲलन ट्युरिंगने १९३६ साली सिद्ध केलं तेव्हा आजच्यासारखे संगणक नव्हतेच. वेगाचा संबंधच नाही.

समजा, कुठल्याही प्रोग्रामबद्दल अचूक भाकीत करणारा 'ज्योतिषी' प्रोग्राम आहे. मी एक खोडसाळ प्रोग्राम लिहितो: ज्योतिष्याला स्वतःबद्दलच विचारायचं, तो 'थांबशील' म्हणाला तर फिरत राहायचं, 'नाही थांबणार' म्हणाला तर लगेच थांबायचं. ज्योतिषी काहीही बोलो, तोंडघशी पडणारच.

असा ज्योतिषी असता तर गणितज्ञांची चंगळ होती. ४ पासून एकेक सम संख्या घ्यायची, ती दोन मूळ संख्यांची बेरीज नसेल तर थांबायचं. आठ-दहा ओळींचा प्रोग्राम. तो कधी थांबतो का, एवढं कळलं तरी १७४२ पासून लोंबकळणारा गोल्डबाखचा प्रश्न (२ पेक्षा मोठी प्रत्येक सम संख्या दोन मूळ संख्यांची बेरीज असते का?) निकालात!

मात्र थांबण्याचा हा प्रश्न 'अनिर्णेय' आहे म्हणजे कुठल्याच प्रोग्रामबद्दल काही सांगता येत नाही, असं नव्हे. सगळ्यांना लागू पडणारी एकच रीत नाही, इतकंच. ट्युरिंग यंत्र म्हणजे फितीवर एकेक चिन्ह वाचत-लिहीत, ठरलेल्या नियमांनी एका अवस्थेतून दुसरीत जाणारा कागदोपत्री संगणक. पाच अवस्था आणि दोन चिन्हं असलेल्या अशा यंत्रांचा हिशोब २०२४ मध्ये पुरा झाला: कोऱ्या फितीवरून सुरू होऊन जी थांबतात, त्यांतलं सगळ्यात चिवट यंत्र ४,७१,७६,८७० पावलांनी थांबतं. सहा अवस्थांचं गाडं अजून अडलेलंच आहे.