नाट्यशास्त्र झालं की थेट डेली सोपचा एडी (सहायक दिग्दर्शक) व्हावं का?

गोदाकाठ (धागाकर्ता):
संभाजीनगरच्या नाट्यशास्त्र विभागातून बाहेर पडणाऱ्या पोरांना हल्ली एकच सल्ला मिळतो. देवगिरी एक्सप्रेसमध्ये बसा, मुंबई गाठा, मिळेल त्या मालिकेत सहायक म्हणून चिकटा, चार वर्षांत दिग्दर्शक व्हाल. मला हे पटत नाही. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वजा जाता २०-२२ मिनिटं उरतात आणि जवळपास तेवढं फुटेज १२ तासांच्या शिफ्टमध्ये काढायचं असतं. त्या धबडग्यात सहायकाच्या वाट्याला कॉलशीट (कुणी किती वाजता यायचं त्याची यादी), कपडे आणि कलाकाराला ओळी प्रॉम्प्ट करणं एवढंच येतं. पात्र असं का वागतं, हे विचारायला कुणाला फुरसत नसते. शिकून आलेली नजर तिथं बोथट होते. दिग्दर्शक चंद्रकांत कुलकर्णी, नाटककार प्रशांत दळवी ही मंडळी इथल्याच 'जिगीषा' नाट्यसंस्थेच्या नाटकांच्या जोरावर मुंबईत उभी राहिली, हे विसरू नये.

मांजराकाठ:
साफ असहमत. कंटिन्युइटी धरण्याला, म्हणजे सीनला सीन जुळता ठेवण्याच्या सहायकाच्या कामाला, तुम्ही फारच हलकं लेखताय. सीन लोकेशनप्रमाणे शूट होतात. सीन १४ दिवाणखान्यात सोमवारी, त्याला लागून असलेला १५ अंगणात गुरुवारी. बाई दारातून निघाली तेव्हा मंगळसूत्र पदराच्या वर होतं की आत, कप कोणत्या हातात आणि किती भरलेला, ती रडून मोकळी झाली होती की रडू आवरून धरलं होतं, हे सगळं सहायकाच्या वहीत हवं. नवखी पोरं सीन सुरू होताना फोटो काढतात, शेवटच्या फ्रेमचा काढत नाहीत. पुढच्या सीनची जोड तर शेवटाशीच लागते! मग पॅचवर्क (राहिलेले तुकडे पुन्हा शूट करणं) निघतं, कलाकाराची तारीख मिळत नाही, एडिटरला क्लोजवर (नुसत्या चेहऱ्याच्या शॉटवर) भागवावं लागतं. तुकड्यातुकड्यानं शूट होताना भावनेचा चढउतार डोक्यात सलग ठेवणं हे दिग्दर्शनाचंच काम आहे. नाटक सलग चालतं, म्हणून नाटकवाल्यांना ही सवय नसते.

गोदाकाठ:
शेवटच्या फ्रेमचं मान्य. पण ते वर्षभरात हातात बसतं. पुढची तीन वर्षं? तोच शॉटचा साचा: मास्टर (सगळा सीन दाखवणारा शॉट), दोन ओव्हर द शोल्डर (एकाच्या खांद्यावरून दुसरा), क्लोज, की पुढचा सीन.

बालाघाट:
पैशाचं कुणीच बोलेना. या धंद्यात मानधन कामानंतर ९० दिवसांनी मिळायची पद्धत आहे. म्हणजे पहिल्या तीन-चार महिन्यांचं खोलीभाडं, मेस आणि लोकल घरून. सोयाबीनच्या पट्टीवर ज्याचं घर चालतं, त्यानं आधी तेवढी तजवीज करावी, मगच निघावं. पद आणि मानधन लेखी घ्या, निदान मेलवर तरी. तोंडी बोलीवर थांबलेली पोरं पैसे न घेताच गावाकडं परततात. आणि पदवी असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेचा टीव्ही दिग्दर्शनाचा एक वर्षाचा कोर्स आहे, त्याची प्रवेश परीक्षा द्यायला काय हरकत आहे?

मांजराकाठ:
कोर्स जरूर करा. पण दिग्दर्शनाची संधी कशी येते तेही सांगा. भागांची बँक (आधीच तयार करून ठेवलेले भाग) संपत आली की प्रॉडक्शनला दुसरं युनिट (त्याच वेळी वेगळे सीन शूट करणारी टीम) लावावं लागतं. बाहेरचा दिग्दर्शक आणला तर त्याला पात्रं आणि कथेचे ट्रॅक समजावण्यातच दिवस जातो. सगळं ठाऊक असलेला चीफ एडी समोरच असतो, युनिट त्याच्याकडं जातं. आधी दोन-चार साधे सीन, मग अख्खा दिवस. ही खुर्ची सेटवर नसलेल्याला मिळत नाही.

गोदाकाठ:
मिळते, पण त्या दिवशी त्याच्याकडून फक्त वेग मागतात. तो तोच साचा लावतो, कारण दुसरं काही करून पाहिलेलंच नसतं. म्हणून माझं म्हणणं, निघण्याआधी इथंच एक सीन शूट करा. जेवायला बसलेली चार माणसं, तीन मिनिटं, एकच कॅमेरा. चौघांच्या नजरा कापताना अक्षरेषा (समोरासमोरच्या माणसांमधली काल्पनिक रेषा, कॅमेरा तिच्या एकाच बाजूला ठेवायचा असतो) कुठं मोडते, वाढणारी उठून मागून फिरली की कोणाची नजर उलट्या दिशेला पडते, हे एडिटला बसल्यावर कळतं. जमेपर्यंत परत शूट करा. मग खुशाल जा सेटवर.

बालाघाट:
आणि तो सीन आपल्या बोलीतच करा.