आईची डीसीटी पॉझिटिव्ह, रक्तपेढी म्हणते एकही पिशवी जुळत नाही

मिरजेची_मानसी
आई ६३ वर्षांची. दिवाळीपासून जिना चढताना धाप लागायची, डोळे पिवळे, लघवी चहासारखी. शेजारच्या काकूंनी कावीळ उतरवणाऱ्याचा पत्तासुद्धा दिला. रिपोर्ट असे: हिमोग्लोबिन ५.८, रेटिक (नव्या, कोवळ्या लाल पेशी) ११ टक्के, एलडीएच (पेशी फुटल्या की वाढतं ते) ८४०, बिलिरुबिन ३.४ आणि त्यातलं इनडायरेक्ट २.९. डायरेक्ट कूम्ब्ज टेस्ट, म्हणजे डीसीटी, ३ प्लस. डॉक्टर ऑटोइम्यून हिमोलिटिक ॲनिमिया म्हणतात, म्हणजे शरीर स्वतःच्याच लाल पेशी फोडतंय, स्टिरॉइड सुरू झालंय.

आई ओ पॉझिटिव्ह, आम्ही दोघं भावंडंही. पण रक्तपेढीनं प्रत्येक पिशवी इनकम्पॅटिबल सांगितली. भाऊ तिथं भांडून आला. आता डॉक्टर म्हणतात, सही करा, न जुळणारंच रक्त सावकाश चढवू. सही करायची का?

रात्रपाळी_रक्तपेढी
मी रक्तपेढीत टेक्निशियन आहे. भावाला म्हणावं, खिडकीतल्या माणसावर राग काढून पिशवी जुळणार नाही. हा वाद आम्हाला नवा नाही.

डीसीटीत आम्ही पेशंटच्या लाल पेशी सलाइननं धुतो, कूम्ब्ज सिरम (माणसाच्या अँटिबॉडीला धरणारं सिरम) घालतो आणि ट्यूब फिरवतो. पेशींवर अँटिबॉडी चिकटलेली असेल तर गुठळ्या होतात. ३ प्लस म्हणजे ट्यूब हलवली तरी मोठे तुकडे तसेच राहतात. १९४५ साली केंब्रिजमध्ये कूम्ब्ज, मूरंट आणि रेस यांनी काढलेली ही युक्ती आजही तशीच चालते.

तुमच्या आईची अँटिबॉडी बहुधा अशा प्रथिनावर बसते, जे जवळपास सगळ्यांच्याच लाल पेशींवर असतं. म्हणून कोणाचीही पिशवी घ्या, क्रॉसमॅच, म्हणजे पेशंटचं सिरम पिशवीतल्या पेशींशी जुळवून पाहणं, बिघडणारच. ओ निगेटिव्ह शोधत फिरू नका. तुम्हा भावंडांचं रक्त देण्याचा आग्रहही नको. सख्ख्या नात्यातलं रक्त रेडिएशन दिल्याशिवाय चढवणं धोक्याचं असतं.

खरी भीती दुसरीच आहे. बाळंतपणात किंवा पूर्वी रक्त चढवल्यावर वेगळी अँटिबॉडी तयार झालेली असू शकते, आणि ती या गोंधळात लपते. तिच्यामुळे चढवलेलं रक्त झपाट्यानं फुटू शकतं. ती शोधायला ॲडसॉर्प्शन करतात: पहिली अँटिबॉडी पेशींवर शोषून घ्यायची आणि उरलेलं सिरम तपासायचं. गेल्या तीन महिन्यांत रक्त चढलं असेल तर यासाठी पेशंटच्या स्वतःच्या पेशी चालत नाहीत, कारण त्यात दात्याच्याही मिसळलेल्या असतात. आईला आधी कधी रक्त चढवलंय का? बाळंतपणं किती?

सहीचं म्हणाल तर ५.८ वर धाप लागत असताना ‘जुळत नाही’ एवढ्यासाठी रक्त अडवून धरू नये. गट बरोबर असला आणि लपलेल्या अँटिबॉडीचा विचार झाला असला, की डॉक्टर असं रक्त देतात. फक्त पिशवी लागल्यावर पहिली पंधरा मिनिटं कुणीतरी उशाशी थांबा. थंडी, ताप, कंबरदुखी, लाल लघवी, काहीही झालं तर लगेच सिस्टरला हाक मारा.

गोळ्यांची_पिशवी
मला हाच आजार आहे. प्रेडनिसोलोन या स्टिरॉइडनं हिमोग्लोबिन चढलं, पण मध्यरात्री उठून भाकरी खायची भूक लागायची आणि झोप उडाली ती वेगळीच. आईला साखर असेल तर पहिल्या दिवसापासून तपासा. बरं वाटलं म्हणून गोळी मनानं बंद करू नका, ती डॉक्टर हळूहळू उतरवतात. फॉलिक ॲसिड चालू आहे ना? एएनए ही रक्ततपासणी झाली का? यामागे कधी ल्युपस, म्हणजे शरीर स्वतःवरच उलटण्याचा आजार, निघतो. आणि डीसीटी पुन्हापुन्हा करून घाबरू नका. माझी अजून पॉझिटिव्ह येते, हिमोग्लोबिन १२ आहे.

मिरजेची_मानसी
एएनए पाठवलीय. फॉलिक ॲसिड आहे. आईला आठवलं, धाकट्याच्या बाळंतपणात एक बाटली चढवली होती. कागद कुठला असणार! रक्तपेढीत कळवलं, तर तेच म्हणाले बरं झालं सांगितलंत. ॲडसॉर्प्शनसाठी नमुना पुण्याला न्यायचाय, भाऊच जातोय. थर्मासमध्ये बर्फ घालू का?

रात्रपाळी_रक्तपेढी
बर्फाला ट्यूब टेकू देऊ नका, पेशी गोठून फुटतात आणि नमुना वाया जातो. मध्ये जाड कापड घाला. किती ट्यूब लागतील ते निघण्याआधी पुण्याला फोन करून विचारा, आणि रक्त चढवायच्या आधीचाच नमुना न्या. ट्यूबवर नाव, तारीख, वेळ नीट लिहिलेली असू दे. लेबलात चूक दिसली तर ते नमुना परत पाठवतात, आणि मग भाऊ तिथंही भांडेल.