मितानीच्या घोड्यांची भाषा ‘भारतीय’ म्हणावी का?

भाषांतरी : प्राचीन पश्चिम आशियाच्या इतिहासावरील एका पुस्तकाचे भाषांतर करीत असताना एका वाक्यापाशी तीन दिवस अडकले आहे. रथाचे घोडे कसे तयार करावेत याची दिनचर्या किक्कुलि नावाच्या अश्वशिक्षकाच्या नावे हित्ती भाषेत मातीच्या पाट्यांवर कोरलेली आहे, आणि त्या पाट्या तुर्कस्तानातील बोगाझकोय येथे, म्हणजे हित्तींच्या राजधानीच्या जागी, सापडल्या. किक्कुलि स्वतः मितानी राज्यातला, म्हणजे आजच्या उत्तर सीरियाकडचा. घोडा मैदानात किती वेळा फिरवावा हे सांगताना तो ‘ऐकवर्तन्न’, ‘तेरवर्तन्न’, ‘पंझवर्तन्न’, ‘सत्तवर्तन्न’ (एकदा, तीनदा, पाचदा, सातदा फिरवणे) असे शब्द वापरतो. मूळ लेखक या शब्दांना ‘इंडो-आर्यन’ म्हणतो. मी ते तसेच ठेवले होते. संपादकांनी खोडून ‘भारतीय आर्य’ केले. आता वाक्य असे झाले आहे: ‘मितानीच्या अश्वविद्येत भारतीय आर्य शब्द रूढ होते.’ हे वाचून कोणालाही वाटेल की पंजाबातून चार मोतद्दार सीरियात नोकरीला गेले होते. दुसरी अडचण अशी की मराठीत ‘वर्तन’ म्हणजे वागणूक. तेव्हा ‘वर्तन्न’ला काय म्हणावे?

जुनीपाटी : संपादकांचे काय चुकले ते मला समजले नाही. मराठी, हिंदी, बंगाली या ‘भारतीय आर्य’ भाषा असेच आम्ही शिकलो. चांगला रुळलेला शब्द असताना ‘इंडो-आर्यन’ हे ठिगळ कशासाठी?

घाटवाट : मराठी आणि बंगालीच्या बाबतीत तो शब्द चपखल आहे, कारण त्या भाषा भारतात वाढल्या. मितानीचा काळ मात्र इ. स. पू. १५वे-१४वे शतक आणि जागा सीरिया. एकाच भाषाकुळाच्या दोन शाखांपैकी त्यांचे शब्द इराणी शाखेचे नाहीत, संस्कृत-मराठीच्या म्हणजे ‘आपल्या’ शाखेचे आहेत, एवढेच मूळ लेखकाला सांगायचे आहे. पुरावा त्या ‘ऐक’मध्येच आहे: इराणी शाखेत एकासाठी ‘ऐव’ आहे, ‘क’ असलेले रूप आपल्याच शाखेत सापडते. शिवाय संस्कृतातील ‘ए’ हा जुन्या ‘अइ’चा झालेला आहे, आणि मितानीकडे तो जुना उच्चार अजून शाबूत दिसतो. म्हणजे हे लोक भारतातून तिकडे गेले, की एकाच मुळापासून फुटून काही तिकडे आणि काही इकडे आले, हा प्रश्न शाखेच्या नावाने सुटत नाही. बहुतेक भाषाशास्त्रज्ञ दुसरे मानतात. ‘भारतीय’ हे विशेषण लावले की मात्र प्रश्न न विचारताच उत्तर दिल्यासारखे होते.

जुनीपाटी : मग ‘हिंद-आर्य’ म्हणा. हिंदीत तसे म्हणतात.

घाटवाट : ‘हिंद’ हा ‘सिंधु’चा इराणी उच्चार, आणि त्यातला ‘ह’ ग्रीकांनी गाळल्यावर ‘इंड’ राहिला. म्हणजे ‘इंडो’ परका म्हणून हाकलला तर ‘हिंद’लाही उंबऱ्याबाहेर उभे करावे लागेल. शुद्ध ‘भारतीय’ घ्यावा तर तो ‘भरत’ या एका वैदिक टोळीच्या नावावरून आलेला. सुदास राजाच्या दाशराज्ञ युद्धातले हेच भरत. त्यांचा सीरियातल्या घोड्यांशी संबंध लावणे ही तर आणखी मोठी उडी होईल. राहिला ‘आर्य’, तो तर इराण्यांचाही आहे. प्राचीन इराणचा सम्राट दारयवहू (डरायस) नक्श-इ-रुस्तमच्या लेखात स्वतःला आर्य आणि आर्यवंशाचा म्हणवतो, आणि ‘इराण’ हे नावही त्याच शब्दाचे. दोघेही आर्य म्हणवीत होते म्हणूनच अभ्यासकांना मागे ‘इंडो’ लावावे लागले.

गोदाकाठ : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे. आमच्याकडे उन्हाळ्यात ‘कालव्याला आवर्तन कधी सुटणार’ याशिवाय दुसरी चर्चा नसते. गणपतीत अथर्वशीर्षाची आवर्तने होतात, तबल्यावर तालाची होतात. ‘वर्तन’ वागणुकीकडे गेले तरी ‘वृत्’ धातूतले फिरणे ‘आवर्तना’त राहिले आहे. ‘तीन आवर्तने’ लिहा.

रिंगणवाला : घोड्याचे आवर्तन कोण म्हणतो? वारीत घोडा धावतो ते रिंगण. ‘तीन रिंगणे’ म्हणा, वाचकाच्या डोळ्यांपुढे चित्र उभे राहील.

गोदाकाठ : क्षमा असावी, पण मी लहानपणी आजोबांच्या खांद्यावर बसून ते पाहिले आहे. रिंगण म्हणजे माणसांनी धरलेले कडे. आधी पताकावाले धावतात, मग स्वाराचा अश्व सुटतो आणि त्यामागे माउलींचा, ज्याच्या पाठीवर कोणी बसत नाही. टापांखालची माती कपाळाला लावायला लोक वाकतात. रिंगण एकच, आणि त्यात घोडा मारतो त्या फेऱ्या.

पाढेवाला : सर्वांचे एका गोष्टीकडे दुर्लक्ष झाले आहे. संस्कृतात ‘सप्त’, पण किक्कुलि म्हणतो ‘सत्त’. आम्ही शाळेत ‘बे सत्ते चौदा’ म्हणत होतो. म्हणजे मितानीचे लोक सरळसरळ प्राकृत बोलत होते, आणि प्राकृत वेदांहून जुनी आहे हे माझे अनेक वर्षांचे मत आता सिद्ध झाले.

घाटवाट : एका ‘त्त’वर एवढा इमला उभारू नये. मितानीची प्रजा हुर्री भाषा बोलत होती आणि हुर्रीतला सातचा शब्दही ‘श’काराने सुरू होणारा, साधारण ‘शिंति’ असा होता. त्याची छाया या शब्दावर पडली असावी, असे काही अभ्यासक मानतात. शिवाय ‘प्त’चा ‘त्त’ होणे ही जिभेची सोय आहे, ती दोन ठिकाणी स्वतंत्रपणेही होऊ शकते. आणि जी भाषा ‘ऐक’ म्हणते ती त्या बाबतीत वेदांहूनही जुनाट आहे; तिला प्राकृत कसे म्हणणार?

पाढेवाला : आपण संस्कृतवाले नेहमी असेच म्हणता.

आजीचीबटवी : ‘आर्य’ शब्दावर एवढा वाद चालला आहे, तर थोडे विषयांतर करते. तो शब्द मराठी घरात रोज हाक मारायला वापरतात. ‘आर्यक’, ‘आर्यिका’ यांचे प्राकृतात ‘अज्जय’, ‘अज्जिआ’ झाले आणि त्यातून आपले ‘आजा’, ‘आजी’ आले. जैन साध्वींना आजही ‘आर्यिका’च म्हणतात. वडीलधाऱ्या माणसाला आदराने म्हणण्याचा हा शब्द. त्याचा ‘मानववंश’ हा अर्थ गेल्या दोनेकशे वर्षांत युरोपात बनवला गेला. तेव्हा संपादकांना म्हणावे, ‘आर्य’ राहू द्या, पण पुढे ‘भाषक’ जोडा.

घाटवाट : ‘भाषक’ जोडण्याला माझे पूर्ण अनुमोदन आहे, कारण भाषा, देव आणि माणसे एकाच बैलगाडीतून प्रवास करीत नाहीत. इ. स. पू. १४व्या शतकातील हित्ती-मितानी तहात साक्षीला मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांना बोलावले आहे. सुमारे बाराशे-तेराशे वर्षांनी आपल्या नाणेघाटातील सातवाहनांच्या लेखात पुन्हा इंद्र आणि वरुण भेटतात, शेजारी संकर्षण-वासुदेव आणि कुबेर असतात, आणि राजाने केलेल्या अश्वमेधाची नोंदही असते. पण लेखाची भाषा प्राकृत आहे. तिकडे हेच देव मानणारे राज्यकर्ते हुर्री बोलत होते. पाढेवाल्यांनी प्राकृताचा अभिमान नाणेघाटापाशी धरावा, तिथे तो शोभेल.

जुनीपाटी : एवढे सारे वाचूनही ‘इंडो’ हा मराठी शब्द होत नाही, हे माझे म्हणणे कायम आहे.

भाषांतरी : सर्वांची आभारी आहे. ‘वर्तन्न’ला ‘फेरी’ केले, कारण ‘आवर्तन’ लिहिल्यावर मलाच कालवा दिसू लागला. ‘आर्यभाषक’ संपादकांना पाठवला होता. तो इराण्यांनाही लागू पडतो म्हणून त्यांनी परत पाठवला आहे. वाक्य अजून लाल रंगातच आहे.

रिंगणवाला : आमच्याकडे ‘बे साती चौदा’ म्हणत. ‘सत्ते’ कुठल्या भागात म्हणतात?