चार वर्षांत साडेदहा लाख भरले, मुद्दल दीड लाखाने कमी झालं. हिशेब बरोबर आहे का?

अंबडचा हप्तेवाला, नाशिक

नमस्कार मंडळी. अंबड एमआयडीसीत क्वालिटी इन्स्पेक्टर आहे. दिवसभर मायक्रोमीटर घेऊन दुसऱ्यांच्या चुका शोधतो आणि स्वतःच्या गृहकर्जाचं स्टेटमेंट चार वर्षांत एकदाही उघडलं नव्हतं. मागच्या रविवारी बायकोने पोहे परतता परतता सहज विचारलं, "आपलं किती फिटलं हो?" मी ठोकून दिलं, सहा-सात लाख तरी. मग मार्चअखेरचं स्टेटमेंट काढलं आणि पोहे तसेच राहिले.

हकीगत अशी. मार्च २०२१ मध्ये ३५ लाखांचा तयार टू-बीएचके घेतला. तेव्हा मुद्रांक शुल्कात २ टक्के सवलत होती, ३१ मार्चपर्यंतच. ७० हजार वाचणार म्हणून सगळी धावपळ. सब-रजिस्ट्रार कचेरीबाहेर तीन तास उन्हात उभा होतो, आणि त्या वाचलेल्या पैशांतून फ्रीज आणि कपाट घेतलं. कर्ज २८ लाख, ६.९ टक्के, २० वर्षं, हप्ता २१,५४१. शेवटचा हप्ता मार्च २०४१. या २८ लाखांतच ९२ हजार विम्याचा एकरकमी हप्ता घातला होता. "वेगळे भरायला नकोत, कर्जातच जातील" असं सांगितलं, मी मान डोलावली.

आता स्टेटमेंट. एप्रिल २०२१ च्या पहिल्या हप्त्यात ५,४४१ रुपये मुद्दलात गेले. जानेवारी २०२३ च्या हप्त्यात किती? ९६८. बाकीचे २०,५७३ व्याजात. एप्रिल २०२३ पासून हप्ता २२,७६७ झाला. मेसेज आला होता, मला आठवतं. वाटलं, हजार-बाराशेच वाढले, ठीक आहे. त्याच मेसेजात मुदत मार्च २०५१ झाल्याचंही लिहिलं होतं, ते त्या रविवारी वाचलं. दहा वर्षं! मी तेव्हा ६४ वर्षांचा असेन.

मार्च २०२५ पर्यंत ४८ हप्ते, एकूण १०,६३,३९२ रुपये भरले. बाकी आहे २६,५१,६३३. म्हणजे फिटले १ लाख ४८ हजार.

माझे प्रश्न: बँकेने गंडवलं का? जुलैपासून हप्ता २०,९३३ होणार असा मेसेज आलाय, हे चांगलंच ना? पीएफमधून काढून कर्ज फेडू का? ३ लाखांची एफडीही आहे, पावणेसात टक्क्यांची. आणि शेवटचं, हे घर मला नक्की पडलं केवढ्याला? बायकोला काहीतरी आकडा सांगायचाय.

जुना पासबुकवाला, सातारा

तुमचा हिशेब वहीवर मांडून पाहिला. जुळतो. ३३ वर्षं बँकेत काढली, त्यातली नऊ कर्ज विभागात, तेव्हा एवढं सांगायचा अधिकार आहे. गंडवलेलं नाही. पण समोर बसवून समजावलंही नसणार, त्याची खात्री आहे.

तुमचा दर म्हणजे रेपो (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) अधिक २.९०. बँकांची फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं ऑक्टोबर २०१९ पासून अशी बाहेरच्या दराला बांधलेली आहेत. तुम्ही कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. तुमचा दर झाला ९.४. बाकी २७ लाखांच्या जवळपास, त्यावर महिन्याचं व्याज २१,११२ आणि तुमचा हप्ता २१,५४१. उरले ४२९ रुपये. तेवढ्यावर कर्ज फेडायचं म्हटलं तर आणखी ५०२ हप्ते लागले असते, जवळजवळ ४२ वर्षं. म्हणून बँकेने हप्ता थोडा वाढवला आणि मुदत ओढून ३० वर्षांवर नेली. हप्ता वाढला की गिऱ्हाईक फोन करतं, मुदत वाढली तर कोणी करत नाही. हे मी काउंटरच्या आतल्या बाजूने पाहिलंय.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश काढला की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्या. तुमचा बदल त्याच्या चार महिने आधीचा. नशीब.

आता जुलैच्या मेसेजकडे या, कारण खरं दुखणं तिथे आहे. २०२५ च्या फेब्रुवारी, एप्रिल आणि जूनमधल्या कपातींनंतर रेपो साडेपाचवर आला, तुमचा दर ८.४ होईल. बँक २०,९३३ म्हणते ते मार्च २०५१ ही तारीख तशीच ठेवून. तुम्ही खूश होऊन सही कराल. त्याऐवजी शाखेला लेखी द्या: हप्ता २२,७६७ च राहू द्या, मुदत कमी करा. मग हप्ते उरतात साधारण २४०, कर्ज जुलै २०४५ मध्ये संपतं. महिन्याला १,८३४ रुपये जास्त भरून एकूण व्याज जवळजवळ १० लाखांनी कमी. (हो, ५१ हप्ते भरून झाल्यावर पुन्हा २४० च बाकी. हसू नका.)

पीएफला हात लावू नका. त्यावर २०२४-२५ साठी ८.२५ टक्के मिळाले, बिनकराचे, आणि कर्ज ८.४ चं आहे. त्या फरकासाठी म्हातारपणाचे पैसे मोडायचे नाहीत. एफडी मात्र पावणेसातची आहे. त्यातले २ लाख कर्जात भरा, १ लाख दवाखान्यासाठी राहू द्या. २ लाखांनी ४० हप्ते कमी होतील आणि सव्वासात लाखांच्या आसपास व्याज वाचेल. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर आधी फेडण्याचा दंड नसतो, कोणी मागितला तर लेखी मागा.

केवढ्याला पडलं विचारताय. सुरुवातीच्या हप्त्यांच्या तक्त्यानुसार २८ लाखांचे ५१ लाख ७० हजार होणार होते. मेसेजप्रमाणे २०५१ पर्यंत गेलात तर ७६ लाख. वर पदरचे ७ लाख, मुद्रांक, नोंदणी. सोसायटीचा मेंटेनन्स मी धरत नाही, तो राहण्याचा खर्च.

भोसरीची ताई

काकांनी सगळं सांगितलंय, मी फक्त जिथे ठेच लागली ते सांगते.

दादा, पार्ट पेमेंट (थोडं कर्ज आधी फेडणं) ॲपवरून करणार असाल तर शेवटचा पर्याय, हप्ता कमी की मुदत कमी, डोळ्यांत तेल घालून बघा. मी पहिल्या वर्षी बोनसचे ६० हजार भरले आणि सिस्टीमने मुकाट्याने हप्ता कमी केला, मुदत तेवढीच. मला वाटलं चार-सहा महिने कमी झाले असतील. कळलं पुढच्या दिवाळीला. तेव्हापासून शाखेत जाऊन अर्ज देते, पोच घेते आणि आठवड्याने नवीन तक्ता मागते.

दुसरं, तुमचा स्प्रेड, म्हणजे रेपोवरची भर, २.९० आहे. सरकारी बँकांत नवीन कर्ज जून २०२५ मध्ये साडेसातच्या आसपास मिळत होतं, म्हणजे नव्या माणसाला रेपोवर दोनच टक्के. जुन्या गिऱ्हाइकाला कोणी बोलावून देत नाही. "बॅलन्स ट्रान्सफर करतोय (म्हणजे कर्ज दुसऱ्या बँकेत नेतोय), बाकी रकमेचं पत्र द्या" एवढं म्हणा, बहुतेक वेळा तिथेच दर खाली येतो, थोडी फी भरावी लागते. खरंच दुसऱ्या बँकेत जायचं झालं तर प्रोसेसिंग, वकील, व्हॅल्युएशन आणि गहाणाची स्टँप ड्युटी परत लागते, ते सगळं मांडून मगच जा.

तिसरं, तो विमा. पॉलिसी काढून वाचा. कर्जाबरोबर देतात ती बरेचदा घटत्या रकमेची असते, पहिल्या दिवशीच्या तक्त्याप्रमाणे घटणारी. त्या तक्त्यानुसार मार्चअखेर तुमची बाकी २५ लाख हवी होती, प्रत्यक्षात २६ लाख ५१ हजार आहे. आणि विमा २० वर्षांचा असेल तर २०४१ नंतर तुम्ही उघड्यावर. शिवाय कर्जात घातलेले ते ९२ हजार २०५१ पर्यंत अडीच लाख होतात. वहिनींना हे सांगू नका.

शिकवणीवाला, कोल्हापूर

थोडं उलट बोलतो. ७६ लाख या आकड्याने एवढं हबकायचं कारण नाही. आजचा रुपया आणि २०५१ चा रुपया एका ओळीत बेरजेला घेतलात तर आठवीच्या पोराचेही मार्क कापीन मी. महागाई ५ टक्के धरली तर २०५१ मधला २०,९३३ चा हप्ता आजच्या सहा हजारांसारखा वाटेल. आणि भाड्याने राहिला असता तर भाडंही वाढलंच असतं, ते कोणी मोजत नाही. २०२१ मध्ये भाडं किती देत होता?

पासबुकवाल्या काकांशी वाद नाही. हप्ता कमी करू नका हे बरोबरच, कारण ८.४ टक्के खात्रीने वाचवणारी दुसरी जागा नोकरदाराला सहसा सापडत नाही. फक्त सगळी बचत भिंतींत गाडू नका.

अजून एक. "होम लोनने टॅक्स वाचतो" हे जुनं पालुपद आता तपासून बघा. २०२५-२६ या आर्थिक वर्षापासून नव्या करपद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर कर नाही, आणि त्या पद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. पगार त्याच्या आत असेल तर कर्ज ठेवून कर वाचवण्याचा मुद्दाच निकालात.

अंबडचा हप्तेवाला, नाशिक

सगळ्यांचे आभार. तीन आठवड्यांनी लिहितोय, कारण तेवढे हेलपाटे झाले.

मास्तर, भाडं ८,५०० होतं. त्याच गल्लीत आता तसलाच फ्लॅट १२ हजारांत जातो, घरमालक वर्षाला बदलायला लावतो ते वेगळं. त्यामुळे घर घेतल्याचं दुःख नाही. पगार साडेसात लाख आहे, टॅक्सचं तुम्ही म्हणता तसंच निघालं.

शाखेत पहिल्यांदा गेलो तर "सिस्टीममध्ये होत नाही" असं उत्तर. दुसऱ्यांदा अर्जाच्या दोन प्रती घेऊन गेलो आणि एकीवर पोचेचा शिक्का मागितला. शिक्का मारायच्या आधी त्या मुलीने वाचलं, आत गेली, साहेबांना घेऊन आली. साहेब माझ्याहून लहान. म्हणाले, "सर, लोक हप्ता कमी करा म्हणून येतात, वाढवा म्हणून कोणी येत नाही." जुलैचा हप्ता तोवर २०,९३३ नेच गेला होता. ऑगस्टपासून परत २२,७६७.

ताई, बॅलन्स ट्रान्सफरचं वाक्य जसंच्या तसं म्हटलं. साडेसात नाही दिला, पण ३,५४० रुपये फी घेऊन ८.४ चा ७.९ केला. एफडीतले २ लाख भरले. नवीन तक्ता काल हातात आला: १८७ हप्ते, शेवटचा फेब्रुवारी २०४१ मध्ये. मूळ कागदावर मार्च २०४१ होतं. दर असाच राहिला तर एकूण भरणा ५६ लाखांच्या आसपास, हा आकडा बायकोला सांगितला. तिने ७६ चाही विचारला, कारण मागच्या वेळी मी या पानाचा टॅब उघडाच ठेवला होता. विम्याचे अडीच लाखही तिने वाचलेत, ताई.

तक्त्याच्या शेवटच्या पानाची प्रिंट त्याच फ्रीजवर चिकटवली आहे. रेपोच्या पुढच्या बैठकीची तारीख तिने भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहिली, दूधवाल्याच्या खाड्यांच्या शेजारी.

पॉलिसी सापडली. २० वर्षांचीच आहे, घटत्या रकमेची. कंपनीला मेल टाकलाय, उत्तर आलं की इथेच लिहितो. काका, तोवर एक सांगा: वेगळा टर्म विमा काढायचा तर बाकी कर्जाएवढा पुरे की मुलीचं शिक्षण धरून जास्त?