जलपर्णी वैरण म्हणून नको

जलपर्णी उपसून तिचे कंपोस्ट करावे आणि उरलेली जनावरांना घालावी, म्हणजे बेळगावचा बळ्ळारी नाला मोकळा होईल व शहापूर-वडगावच्या शेतकऱ्यांचाही फायदा होईल, असे नाल्याच्या सफाईबाबतच्या चर्चेत सुचवले गेले आहे. कंपोस्टबद्दल दुमत नाही. वैरणीची सूचना मात्र मान्य होण्यासारखी नाही. ही वनस्पती पाण्यातील शिसे, कॅडमियम, क्रोमियम यांसारखे जड धातू शोषून मुख्यतः मुळांत साठवते, आणि नाल्यात शहराचे सांडपाणी मिसळत असल्याने तिथली जलपर्णी गुरांपुढे टाकणे जोखमीचे आहे. भाजीपाल्याला तिचे खत घालण्यापूर्वीही तपासणी करून घेतलेली बरी. शिवाय तिच्या वजनात सुमारे ९५ टक्के पाणी असल्यामुळे ती ओली वाहून नेणे म्हणजे डिझेल जाळून पाणीच वाहणे होय.

या चर्चेत जलपर्णी खाणाऱ्या भुंगेऱ्यांचा उल्लेख अद्याप आलेला नाही. जलपर्णी मूळची दक्षिण अमेरिकेतली. तिच्यावरच जगणारे निओकेटिना प्रजातीचे भुंगेरे १९८० च्या दशकाच्या आरंभी भारतात आणले गेले आणि बंगळूरच्या भारतीय बागायती संशोधन संस्थेने चाचण्यांनंतर ते तेथील तलावांत सोडले. काही तलावांतील जलपर्णी त्यानंतर काही वर्षांत आटोक्यात आली. तथापि या किड्यांना संथ, बारमाही पाणी आणि सवड लागते. त्यामुळे एखाद्या तलावात हा प्रयोग करून पाहता येईल. दर पावसाळ्यात फुगून भातशेतीत शिरणाऱ्या नाल्यात मात्र त्यांचा टिकाव लागणे कठीण, तिथे जूनपूर्वी आणि शक्यतो फुलोऱ्याआधी केलेला उपसाच उपयोगी पडेल, कारण तळाच्या गाळात पडलेले बी अनेक वर्षे रुजण्याजोगे राहते.