‘इन्’ लागला म्हणजे नकारच का?

प्रश्न:
बारावीच्या वर्गात ‘इन्’ हा उपसर्ग नकारार्थी असल्याचे सांगून मी ‘करेक्ट–इनकरेक्ट’ यांसारख्या जोड्या देतो. एका विद्यार्थिनीने मात्र विचारले, की तसे असेल तर पेट्रोलच्या टँकरवर ‘हायली इन्फ्लेमेबल’ का लिहिलेले असते? ‘इनव्हॅल्युएबल’ची अडचण तर तिच्याआधीच माझ्या मनात होती. हे ओळखण्याची काही खूण आहे का?

प्रतिसाद १:
लॅटिनमधून आलेले ‘इन्’ मुळात दोन आहेत. एक नकाराचा, जो आपल्या ‘अ’ आणि ‘अन्’ यांचा सगोत्र आहे. दुसरा ‘आत’ या अर्थाचा, जो क्रियेला कधी दिशा, तर कधी नुसता जोर देतो. ज्या शब्दांच्या शेवटी ‘एबल’ आहे, त्यांच्यापुरती एक खूण उपयोगी पडते: ‘एबल’ काढून टाकल्यावर ‘इन्’सकट क्रियापद उरते का, ते पाहावे. ‘इन्फ्लेम’ म्हणजे पेटवणे हे क्रियापद आहे, म्हणून ‘इन्फ्लेमेबल’ म्हणजे पेट घेणारे. ‘इनहॅबिट’वरून झालेल्या ‘इनहॅबिटेबल’चा अर्थही राहण्याजोगे असाच आहे, आणि नकार हवा असल्यास इंग्रजीला त्याच्यामागे आणखी एक ‘अन्’ जोडावा लागतो. याउलट ‘इनटॉलरेबल’मधून असे क्रियापद निघत नाही, तेव्हा तिथे नकार.

प्रतिसाद २:
या कसोटीने ‘इनव्हॅल्युएबल’ नकारार्थीच ठरतो, आणि तो तसा आहेही. फक्त नकार किमतीचा नसून किंमत ठरवता येण्याचा आहे. आपला ‘अमूल्य’ अगदी याच वाटेने गेला आहे, त्यामुळे मराठी मुलांना तो एका वाक्यात समजावा. कवडीमोल वस्तूसाठी ‘व्हॅल्यूलेस’ हा वेगळा शब्द आहे.

प्रतिसाद ३:
वर्गात ही खूण चालेल, पण धोक्याच्या फलकासमोर कोणी व्युत्पत्ती तपासत बसत नाही. म्हणूनच अमेरिकेतील नॅशनल फायर प्रोटेक्शन असोसिएशनने १९२० च्या दशकात ‘फ्लेमेबल’ या शब्दाचा आग्रह धरला. दोन्हींचा अर्थ एकच. न पेटणाऱ्या पदार्थाला ‘नॉनफ्लेमेबल’ म्हणतात. आपल्याकडच्या टँकरांवरही हाच बदल व्हावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

प्रश्नकर्ता:
आभारी आहे. ‘इम्पॉसिबल’, ‘इल्लीगल’ आणि ‘इर्रेग्युलर’ यांतील उपसर्ग हे याच ‘इन्’चे रूप ना?

प्रतिसाद १:
होय, पुढच्या व्यंजनानुसार त्याचा ‘न’ बदलतो. मात्र तोच बदल दुसऱ्या ‘इन्’मध्येही होतो, त्यामुळे ‘इम्पोर्ट’, ‘इल्युमिनेट’ आणि ‘इरिगेट’ यांत नकाराचा मागमूस नाही.